गणितात गाठोडं नसतं

दवाखान्याच्या शिवणखोलीत तिला एकोणीस वर्षं झाली होती, आणि एवढ्या वर्षांत तिला तिच्या नावानं कुणी हाक मारल्याचं कुणालाच आठवत नव्हतं. फाटक्या चादरी, उसवलेल्या उशा, खिसे लोंबणारे डॉक्टरांचे कोट असं काय काय तिच्या टेबलावर येऊन पडायचं आणि संध्याकाळपर्यंत धड होऊन परत जायचं. पहिल्याच वर्षी कुणा वॉर्डबॉयनं तिला ठिगळबाई म्हटलं. ते नाव असं चिकटलं, की हजेरीला खरं नाव पुकारलं तर ती स्वतःच मागे वळून बघायची. तिला त्याचा राग नव्हता. "ठिगळ म्हणतात ना, फाटकी तर नाही म्हणत," असं ती म्हणायची.

शिवणखोली तळमजल्यावर, धुलाईघराला लागून होती. भिंतीपलीकडे दिवसभर वाफ धुमसायची, त्यामुळे थंडीत या खोलीत येऊन बसायला सगळ्यांना काही ना काही काम निघायचं आणि उन्हाळ्यात कुणी फिरकायचं नाही. तीन मशिनं होती. त्यातलं एक पायडल मारलं की कुरकुरायचं, म्हणून त्याचं नाव सासूबाई. मधोमध कापायचं लांब टेबल, त्याच्या कडेला ठोकलेली पितळी मोजपट्टी, आणि खिडकीशेजारच्या खिळ्याला टांगलेलं चिंध्यांचं गाठोडं. हे गाठोडं म्हणजे ठिगळबाईचा जीव की प्राण. दोन बोटांचा तुकडासुद्धा ती टाकून द्यायची नाही. "आज चिंधी, उद्या कामाची," म्हणत गाठोड्यात कोंबायची आणि वेळेला बरोबर तोच तुकडा हात घालून बाहेर काढायची.

सगळ्यात जोखमीचं काम निळ्या फडक्यांचं. ऑपरेशनची हत्यारं ज्यात गुंडाळून वाफेवर ठेवतात ती ही फडकी, आणि ती चौरसच लागतात. चारही टोकं मधे येऊन मिळाली पाहिजेत. एक बाजू आखूड पडली की गुंडाळी उघडी राहते आणि मोठ्या सिस्टर ती घेऊन स्वतः खाली येतात, बोलायला. आता कापड रोज वाफेत जायचं म्हणजे आटणारच. आटलेलं फडकं मोठं करायची ठिगळबाईची एक रीत होती, आईच्या हाताखाली शिकलेली. फडक्याच्या लांबीएवढी, सहा बोटं रुंद पट्टी घ्यायची. ती अख्खी एकाच बाजूला जोडली तर फडकं लांबुडकं होतं, म्हणून पट्टी उभी दुमडून मधोमध कापायची. तीन बोटांची एक पट्टी या बाजूला, तीन बोटांची दुसरी लगतच्या बाजूला. मग दोन पट्ट्या जिथे भेटायला हव्यात तिथे कोपऱ्यात खिंडार राहायचं, तीन बोटं लांब आणि तीन बोटं रुंद. तेवढा तुकडा गाठोड्यातून काढायचा आणि बसवायचा. झाला चौरस पुरा. अशी किती फडकी तिनं चौरस केली याची मोजदाद नव्हती.

आणि एवढं जिच्या हाताला येत होतं, ती बाई गणितात नापास होत होती.

त्याचं असं झालं. दवाखान्यात एक फतवा निघाला. रोजंदारीवरच्या लोकांना कायम करणार, पण ज्यांच्याकडे शालान्त परीक्षेचा दाखला असेल त्यांनाच. दोन वर्षांची मुदत. त्यानंतर बाकीच्यांना नारळ. ठिगळबाईकडे दाखला नव्हता. चाळिसाव्या वर्षी तिनं फॉर्म भरला, भाकऱ्या-भांडी आटोपून पुस्तकं घेऊन बसली, आणि पहिल्या फटक्यात बाकीचे सगळे विषय सोडवले. राहिलं गणित. पहिल्या वेळी सत्तावीस गुण. दुसऱ्या वेळी एकतीस. पासाला हवे पस्तीस. आता मुदतीत बसणारी एकच परीक्षा उरली होती. ती गेली की एकोणीस वर्षांची शिवणखोली गेली, टेबल गेलं, गाठोडं गेलं, सासूबाईसुद्धा गेली.

घरात हे नवऱ्याला तेवढं माहीत होतं. नवरा बसड्रायव्हर, माणूस सोन्यासारखा, पण त्याच्या तोंडात तीळ भिजायचा नाही. त्यानं काय करावं? सरळ आपल्या बहिणीला जाऊन सांगितलं. आणि बहीण म्हणजे गावातल्या शाळेत गणिताच्या बाई. जखमेवर मीठ म्हणतात ते हेच.

नणंद-भावजयीचं भांडण असं कधी झालं नव्हतं. भांडायला निदान बोलावं तरी लागतं. बावीस वर्षांमागे लग्न होऊन ठिगळबाई या घरात आली, तेव्हा तिचं शाळेचं हेच शेवटचं वर्ष अर्धवट राहिलेलं होतं. ट्रंकेत साड्यांच्या खाली गणिताचं पुस्तक घालून ती आली होती. नणंद तेव्हा सोळा वर्षांची, तीही त्याच परीक्षेला बसणार. नव्या वहिनीला पुस्तकावर डोकं धरून बसलेलं पाहून ती चारचौघांत हसत म्हणाली होती, "वहिनी, तुझ्या डोक्यात नाही शिरायचं हे." पुढे महिनाभरात ट्रंकेतलं पुस्तकच नाहीसं झालं. सासूनं रद्दीत घातलं असणार, असं ठिगळबाईनं मनाशी ठरवून टाकलं. सासू आज नाही, पण तो राग ती अजून कधीतरी काढायची, मशिनवर. त्या वर्षी ती परीक्षेला बसली नाही. नणंद बसली आणि गणितात शाळेत पहिली आली. तेव्हापासून दोघींचा छत्तीसचा आकडा. सगळं गोड गोड, आणि आत खडा.

म्हणून एका रविवारी सकाळी नणंद जेव्हा शिवणखोलीच्या दारात येऊन उभी राहिली, तेव्हा ठिगळबाईच्या हातातली कात्री तशीच राहिली.

"वन्सं? तुम्ही इकडे कशा?"

"दादा म्हणाला."

"काय म्हणाला?"

"एकतीस." नणंदेनं स्टूल ओढून घेतलं. "चार गुणांसाठी राहिलीस. पेपरात कुठलं उदाहरण चुकलं तेवढं सांग. मी दर रविवारी येत जाईन."

ठिगळबाईला वाटलं, म्हणावं, बावीस वर्षांनी बरी आठवण झाली. हिला आता माझी कीव आली, की माझ्या फजितीची मजा बघायला आली? पण अडला हरी. तिनं पिशवीतून वही काढली. एकाच तऱ्हेचं उदाहरण दोन्ही वेळा चुकलं होतं, आणि ते चारच गुणांचं होतं. पूर्ण वर्गाच्या रूपात लिहा: क्ष² + ६क्ष + ११. खाली ठिगळबाईचं उत्तर: (क्ष + ३)² + ११.

नणंदेनं चष्मा लावला. "सहाचं निम्मं तीन, बरोबर. वर्ग केलास, बरोबर. मग अकरा तसेच कसे राहिले?"

"त्यांना कुणी हात लावला नाही. राहिले."

"अगं, नियम काय? निम्म्याचा वर्ग मिळवायचा आणि वजा करायचा. नऊ मिळवायचे, नऊ वजा करायचे."

"हे शाळेत मास्तरही म्हणाले होते," ठिगळबाई म्हणाली, आणि तिचा आवाज चढला. "मिळवायचे नि लगेच वजा करायचे? मग मिळवायचे कशाला? शिवायचं आणि उसवायचं, हा कुठला धंदा?"

 नणंदेनं वही मिटली, उठली, आणि ढिगातलं एक आटलेलं निळं फडकं ओढून टेबलावर पसरलं. ठिगळबाई बघतच राहिली. गणिताच्या बाईंना कापडातलं काय कळतं?

"याची बाजू किती?" नणंदेनं विचारलं.

"मोजायला पाहिजे."

"नको मोजूस. आटलेलं कापड, आज एक माप, उद्या दुसरं. या बाजूला म्हण क्ष."

"म्हणजे क्ष म्हणजे न मोजलेलं?"

"एवढंच."

ठिगळबाई दोन वर्षं त्या क्षला घाबरत होती. पुस्तकात तो दिसला की तिची पाचावर धारण बसायची. आणि तो इतका साधा, तिच्याच टेबलावरचा! काखेत कळसा नि गावाला वळसा, दुसरं काय.

"आता ही सहा बोटांची पट्टी," नणंद म्हणाली. "हे फडकं म्हणजे क्ष वर्ग, ही पट्टी म्हणजे सहा क्ष. आणि हे अकरा." तिनं पांढऱ्या कापडातून एक बोट लांब, एक बोट रुंद असे अकरा तुकडे कापले. कापताना कात्री अशी धरली होती की ठिगळबाईच्या जिवाला लागलं. "हे सगळं मिळून एक चौरस कर. उरेल ते बाजूला ठेव."

हे काय सांगायला हवं? ठिगळबाईनं पट्टी दुमडली, मधोमध कापली, एक या बाजूला टाचली, एक त्या बाजूला. कोपरा राहिला. तिचा हात सवयीनं खिडकीकडे गेला. गाठोड्यातून तीन बोटांचा एक चौकोनी तुकडा काढला, बसवला, आणि पांढरे अकरा तुकडे हातानं बाजूला सारले.

"झाला चौरस. हे अकरा उरले."

"थांब." नणंदेनं त्या कोपऱ्यावर बोट ठेवलं. "हा कोपरा कुठून आणलास?"

"गाठोड्यातून."

"गणितात गाठोडं नसतं, वहिनी."

 नणंद हळू आवाजात बोलली. "तुला दिलंय ते एवढंच. हे फडकं, ही पट्टी, हे अकरा तुकडे. बाहेरून चिंधीही आणायची नाही. काय करायचं ते यातच."

ठिगळबाईनं कोपऱ्याची टाचणी काढली आणि तुकडा परत गाठोड्यात टाकला. मग त्या खिंडाराकडे बघत राहिली. तीन बोटं लांब, तीन बोटं रुंद. तिनं पांढरे तुकडे एकेक करून त्यात मांडायला घेतले. तीन, सहा, नऊ. कोपरा भरला. हातात दोन उरले.

ती त्या दोन तुकड्यांकडे पाहात उभी राहिली. "दोन," ती म्हणाली. "क्ष अधिक तीनचा वर्ग, अधिक दोन. अकरातले नऊ कोपऱ्यात गेले, म्हणून वजा. होय ना?" आणि तिच्या डोळ्यांत पाणीच आलं. दुःखाचं नव्हे. जड पाण्याची बादली दोन जिने चढून आल्यावर खाली ठेवली की कसं वाटतं, तसं काहीतरी तिच्या खांद्यांना वाटलं. "वन्सं, हे मला असं कुणी आधी का नाही सांगितलं?"

नणंद खिडकीबाहेर बघत होती. "सांगायला पाहिजे होतं," ती म्हणाली. मग एकदम शाळेतल्या बाईंच्या आवाजात, "आता उत्तर खरं की खोटं ते कसं बघशील? क्षच्या जागी एक ठेव. आधी दिलेलं मोज, मग तुझं उत्तर मोज. दोन्ही आकडे एकच यायला हवेत."

एक अधिक सहा अधिक अकरा, अठरा. चारचा वर्ग सोळा, अधिक दोन, अठरा. दोन्हीकडून मोजून जुळवणं ठिगळबाईला पटलं. न मोजता कापड कापणाऱ्या बाईवर तिनं आयुष्यात विश्वास ठेवला नव्हता.

पुढचे चार रविवार असेच गेले. टेबल तुकड्यांनी भरून जायचं. मोठ्या सिस्टर एकदा डोकावल्या, अख्ख्या टेबलावर बोटाएवढे चौकोन मांडलेले पाहून म्हणाल्या, "हे काय, बाहुलीचं ऑपरेशन आहे का?" आणि उत्तर न ऐकताच गेल्या. चौथ्या रविवारी उठताना नणंद म्हणाली, "तुकडे कोपऱ्याला पुरतात, हे झालं. कमी पडले तर काय, ते पुढच्या रविवारी." पण पुढच्या रविवारी नणंद तापानं अंथरुणात होती, आणि त्यानंतरच्या बुधवारी पेपर होता.

पेपराला ठिगळबाई तिच्या एकुलत्या इस्त्रीच्या साडीत गेली. बाक सोळा वर्षांच्या मुलींच्या मापाचा, गुडघे वर येत होते. शेजारच्या बाकावरची मुलगी अदबीनं उठून म्हणाली, "मॅडम, पेपर कधी वाटणार?" ठिगळबाई म्हणाली, "मलाही तेच बघायचंय गं." मुलगी आ वासून बसली.

बाकीची उदाहरणं तिनं जमेल तशी सोडवली. काही आली, काही आल्यासारखी वाटली, दोन तर डोक्यावरून गेली. मग ते चार गुणांचं आलं. पूर्ण वर्गाच्या रूपात लिहा: क्ष² + १०क्ष + १८.

तिला हायसं वाटलं. दहा बोटांची पट्टी. मधोमध कापली, पाच आणि पाच. कोपरा पाच बोटं लांब, पाच बोटं रुंद, म्हणजे पंचवीस तुकडे. हातात किती? अठरा.

 अठरा तुकड्यांत पंचवीसचा कोपरा भरायचा कसा? सात कमी. हेच ते पुढच्या रविवारचं. तिचा हात, काय सांगावं, खरोखर डावीकडे गेला, जिथे खिडकी आणि गाठोडं असतं तिथे. तिथे भिंत होती. आभाळच फाटलं तर ठिगळ कुठे लावायचं, असं आई म्हणायची. ते तिला तेव्हा पटलं.

वर्गातला पंखा गरगरत होता. तिनं (क्ष + ५)² लिहिलं. हे तर नक्की. पुढे सात लिहायचे हेही नक्की, कारण फरक सातचाच. पण उणे? कापड शून्याहून कमी कसं असेल? उरतं ते अधिकच असतं. तिनं लिहून टाकलं, अधिक ७.

मग तिनं मोजलं. न मोजता पुढे जाणं तिच्या हाताला जमलंच नसतं. क्षच्या जागी एक. एक, दहा, अठरा, मिळून एकोणतीस. आता उत्तर. सहाचा वर्ग छत्तीस, अधिक सात, त्रेचाळीस. एकोणतीसचे त्रेचाळीस! चौदा तुकडे जास्त. "एवढं कापड आलं कुठून?" ती इतक्या मोठ्यानं पुटपुटली की पुढच्या दोघी वळून बघायला लागल्या.

कुठून आलं? तिनं डोळे मिटले आणि टेबल समोर आणलं. निळं फडकं, दोन पट्ट्या, कोपरा. कोपऱ्यात पंचवीस तुकडे दिसतायत. त्यातले अठरा आपले. सात आपले नाहीत. ते बाहेरचे आहेत. चौरस करायचा म्हणून घेतले ते घेतले, पण मग लिहायला नको का, की हे सात माझे नव्हेत? नाही लिहिलं तर ती चोरीच झाली. ते सात उरलेले नाहीत, ते देणं आहे. म्हणून उणे.

तिनं अधिक ७ वर काट मारली, जरा जोरातच, आणि लिहिलं: (क्ष + ५)² − ७. छत्तीसातून सात गेले, एकोणतीस. जुळलं. विश्वास बसेना म्हणून क्षच्या जागी दोन ठेवून पाहिलं. चार, वीस, अठरा, बेचाळीस. सातचा वर्ग एकोणपन्नास, त्यातून सात, बेचाळीस. तिनं पेन खाली ठेवलं आणि असा सुस्कारा सोडला की वर्गावरच्या बाईंनी पाणी हवं का विचारलं.

संध्याकाळी ती परस्पर नणंदेकडे गेली. ताप उतरला होता, चेहरा ओढलेला होता. ठिगळबाईनं चहाचा कप तिच्या हातात दिला आणि एका दमात सगळं सांगितलं, पंखा, भिंत, त्रेचाळीस, सगळं.

"कमी पडले तर काय, ते मी शिकवलं नव्हतं," नणंद म्हणाली. "मग कसं सुचलं?"

"त्यात सुचायचंय काय? सात उसने घेतले. घेतले तर घेतले, पण तसं लिहून दिलं. लपवलं की हिशेब जुळत नाही, वन्सं. कितीही मोजा."

नणंद कपाकडे बघत राहिली. "हो," एवढंच म्हणाली. ठिगळबाईला वाटलं, ताप पुन्हा चढतोय वाटतं. चहा तसाच निवला.

मग निकालापर्यंतचे पाच आठवडे. ते कसे गेले ते सासूबाईला विचारा, इतकी तिनं ती दामटली. रोज तिला ती काट आठवायची. तपासणाऱ्याला खालचं उत्तर दिसलंच नसेल तर? काट मारलेलंच खरं धरलं असेल तर? नवरा म्हणायचा, "होईल गं." ती म्हणायची, "तुमची बस नाही ती, वेळेवर यायला." दवाखान्याच्या कार्यालयातला कारकून दिसला की ती मागच्या दारानं जायची, कारण तो रोज विचारायचा, "आला का दाखला?"

निकालाच्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत ती शाळेच्या खिडकीपाशी गेली. आतल्या माणसानं कागद सरकवला. तिनं तो लगेच वाचला नाही. घडी केली, पिशवीत घातली, फाटकाबाहेर झाडाखाली आली आणि मग उघडला. गणित, छत्तीस. उत्तीर्ण.

ती तिथेच कठड्यावर बसली.  छत्तीस! त्या चार गुणांशिवाय बत्तीस झाले असते. त्या झाडाखाली एकेचाळीस वर्षांची बाई एकटी हसतेय, डोळे पुसतेय, पुन्हा कागद बघतेय, असं जाणाऱ्या-येणाऱ्यांनी पाहिलं. तिला त्याचं काही नव्हतं. जीव भांड्यात पडला म्हणतात, तो असा पडतो हे तिला त्या दिवशी कळलं. आपली खोली राहिली, आपलं टेबल राहिलं. उद्या सकाळी मागच्या दारानं जायला नको.

संध्याकाळी नणंदेच्या दारात पोचली तर नणंद आधीच उंबऱ्यात उभी.

"किती?"

"छत्तीस. आपल्या दोघींचाच आकडा."

नणंद हसली, आणि हसता हसता तिचं तोंड वाकडं झालं. ती आत गेली आणि कपाटातून काहीतरी घेऊन आली. नवीन कागदाचं कव्हर घातलेलं एक पुस्तक. तिनं ते ठिगळबाईच्या मांडीवर ठेवलं आणि स्वतः समोर जमिनीवरच बसली.

ठिगळबाईनं कव्हराच्या आत बोट घालून पाहिलं. जुनं हिरवं पुठ्ठ्याचं पुस्तक. पहिल्या पानावर तिचं खरं नाव, शाईनं. जे नाव हजेरीलाही तिला परकं वाटायचं ते.

"हे रद्दीत गेलं होतं," ती म्हणाली.

"नाही. मी नेलं होतं. माझ्या पुस्तकाची मागची पानं गेली होती. म्हटलं, दोन दिवसांनी ठेवून देऊ. मग परीक्षा झाली, मी पहिली आले, सगळे कौतुक करायला लागले. तू बसलीच नाहीस, आणि का बसली नाहीस ते मला एकटीला माहीत होतं. मग देता येईना. बावीस वर्षं देता आलं नाही, वहिनी."

 ठिगळबाईला राग आला. चांगला सणसणीत आला. बिचाऱ्या सासूवर किती वर्षं उगाच पायडल मारलं! आणि स्वतःवर? बावीस वर्षं ती स्वतःला सांगत आली होती, की बाई, डोकंच नाही तुला.

"एवढंच नाही," नणंद म्हणाली. "खुणेचं पान उघड."

खूण म्हणून निळ्या सुताचा दोरा होता. पान पूर्ण वर्गाचं. समासात पेन्सिलीनं काढलेलं एक छोटं चित्र: चौकोन, त्याच्या दोन बाजूंना दोन पट्ट्या, आणि कोपरा रिकामा. त्या रिकाम्या कोपऱ्याकडे बाण, आणि एकोणिसाव्या वर्षीच्या गोलगोल अक्षरात लिहिलेलं: हा कोपरा कुठून आणायचा?

ठिगळबाईनं त्या अक्षरावरून बोट फिरवलं. इतकी वर्षं पार पुसून गेलेलं तिला आठवलं. दुपारची वेळ, माळ्याच्या जिन्याची पायरी, आणि आईचं फडकं डोळ्यांसमोर. इथपर्यंत आपण आलो होतो. याच्या पुढच्याच ओळीला पुस्तक गेलं.

"मला पूर्ण वर्ग कळत नव्हता," नणंद म्हणाली. तिच्या गालावरून पाणी वाहात होतं आणि ती ते पुसत नव्हती. "नियम पाठ होता, कळत नव्हता. तुझा हा प्रश्न वाचला आणि कळला. कोपरा कुठून आणायचा, त्यातच सगळं आहे. तुझ्या डोक्यात शिरायचं नाही म्हणाले होते ना मी? तुझ्याच डोक्यातलं घेऊन मी गणिताची बाई झाले. शिवणखोलीत तुला जे दाखवलं, ते या चित्रावरून. तुझंच तुला."

 ठिगळबाई राग शोधायला गेली तर तो होता तिथे नव्हता. डोकं होतं! एकोणिसाव्या वर्षीही होतं. बरोबर प्रश्न विचारणारं होतं. गुणपत्रिकेनं दिली नव्हती एवढी मोकळीक त्या पेन्सिलीच्या एका ओळीनं तिला दिली. छातीवरचा दगड इतका जुना होता की तो उतरल्यावरच तो होता हे कळलं.

तिनं पिशवीतून कापडावर खुणा करायची पेन्सिल काढली, टोक जिभेला लावलं, आणि त्या प्रश्नाखाली सावकाश लिहिलं: आपल्यातूनच. कमी पडला तर उसना, पण सांगून.

नणंदेनं वाकून वाचलं आणि तोंडाला पदर लावला.

"पुरे आता," ठिगळबाई म्हणाली. "आत्ताच तापातून उठलायत. उठा, चहा मी टाकते, आज निवू देऊ नका." पुस्तक मिटून तिनं मांडीवरून उचललं, क्षणभर धरून ठेवलं. "आणि हे शाळेत मुलींना दाखवायला पाहिजे असेल, तर न्या. पण या वेळी मागून न्या."

नणंदेनं डोळे पुसले. सोळा वर्षांची असल्यासारखी ती खालमानेनं म्हणाली, "वहिनी, नेऊ?"

"न्या," ठिगळबाई म्हणाली, आणि चहा टाकायला आत गेली.